होळीला दाखव, आखाजीनंतर विचार

पत्र:

"मी यावल तालुक्यातल्या केळीवाल्या घरातली. पुण्यात शिकले, तिथेच जाहिरातींच्या एडिटिंगचं काम करते. गेले दोन उन्हाळे आणि मधला एक पावसाळा गावी राहून माहितीपटाचं शूटिंग केलं. विषय दोन आहेत: केळीखालचं खोल खोल जाणारं पाणी आणि सातपुड्यातून आमच्याकडे राबायला येणारी पावरा आदिवासी कुटुंबं. आमच्या सालदाराची, म्हणजे वर्षभरासाठी ठेवलेल्या गड्याची, बायको कॅमेऱ्यासमोर खूप मोकळं बोलली आहे. मालकाकडून आगाऊ घेतलेली उचल, थोरल्या मुलीची सुटलेली शाळा, पाड्यावरची जंगलातली जमीन ('धाकटा झाला त्या साली वरचा तुकडा फोडला', असंही ती सांगते, धाकटा आता सहावीत आहे). शेतातल्या त्यांच्या खोलीपुढे बसूनच तिचा अंगठा संमतीच्या कागदावर घेतला.

आमची तिसरी ट्यूबवेल रात्री खोदली, ते मी पूर्ण शूट केलं. साडेसातशे फूट. त्यातला दोन मिनिटांचा तुकडा थोरल्या काकांनी, म्हणजे आबांनी, भावाच्या मोबाइलवर पाहिला. 'केयीची फिलम काढ ना माय, बोरची कायले?' एवढंच म्हणाले, तेव्हापासून बोलत नाहीत. वडील म्हणतात, आपलं शेत काढून टाक, दुसऱ्या कोणाचं घे. पुण्याचा मित्र म्हणतो, कागद आहे ना, मग घाबरतेस कशाला, पाठव. महोत्सवाची मुदत महिन्यावर आली आहे. मला टोचतंय ते वेगळंच. मालकाच्या पुतणीने हा सिनेमा करावा का? आणि त्या बाईला पैसे द्यावेत का? नाव छापू नका."

उत्तर:

या मुदतीला पाठवू नकोस. ट्यूबवेल काढू नकोस. आणि अंगठ्याचा तो कागद तूर्त कपाटात ठेव.

मुदतीचं आधी संपवते, कारण ते सोपं आहे. महोत्सव पुन्हा येतात. मुंबईचा माहितीपट महोत्सव 1990 पासून दर दोन वर्षांनी भरतो, केरळचा आहे, पर्यावरणाच्या चित्रपटांसाठी पुण्यात वसुंधरा महोत्सव होतो. निवड करणाऱ्यांना घाईत जोडलेला सिनेमा पहिल्या दहा मिनिटांत ओळखू येतो. तुझ्याकडे जे आहे ते एका वर्षाने शिळं होणारं नाही. पाणी काही वर येणार नाहीये.

आता त्या कागदाकडे येऊ. आपल्याकडे सालदाराचं साल आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, लागतं आणि पुढच्या आखाजीला सुटतं, हे तुला मी सांगायला नको. मधल्या काळात दवाखाना, घरचं लग्न, होळीचा बाजार अशा कारणांनी उचल घेतली जाते, ती मालकाच्या वहीत चढते, आणि ती फिटेपर्यंत माणूस मालकाच्या तोंडाकडे बघून बोलतो. तुझी आई त्या बाईला चहा देत असेल, सणाला लुगडं देत असेल, पोरगं तापलं तर आबा स्वतः गाडीवर बसवून डॉक्टरकडे नेत असतील. हे सगळं खरं असलं तरी ती तुमच्या शेतात, तुम्ही दिलेल्या खोलीपुढे, अंगावर उचल असताना, मालकाच्या पुतणीशी बोलत होती. तिला 'नाही' म्हणायची सोयच नव्हती. मग तिच्या 'हो'ला काय धरायचं? मित्र म्हणतो त्या कागदाने उद्या तू वाचशील. ती कशी वाचेल, याबद्दल त्या कागदात एक ओळ नाही.

ती मोकळं बोलली, हेही मला मान्य आहे. बायका बोलतात. कोणी दोन तास नुसतं ऐकून घेतलं की आयुष्यभराचं साचलेलं बोलतात. पण आपण काय बोललो आणि ते कोण कोण ऐकणार, या दोन गोष्टी तिच्या मनात एकत्र आल्यात का, हे तुला ठाऊक नाही. बहुधा तिलाही नाही.

तिचं 'धाकटा झाला त्या साली वरचा तुकडा फोडला' हे एकच वाक्य घे. तुला त्यात आईच्या आठवणी मोजायची रीत दिसली असणार, आणि वाक्य आहेही तसं गोड. पण 2006 चा वनहक्क कायदा 13 डिसेंबर 2005 च्या आधीपासून ताब्यात असलेल्या जमिनीलाच हक्क देतो. धाकटा सहावीत असेल तर त्याचा जन्म त्या तारखेच्या बऱ्याच नंतरचा, आणि तुकडा शेतीखाली आणला तोही तेव्हाच. म्हणजे बाईने स्वतःच्या तोंडाने, स्वतःचा चेहरा दाखवून सांगितलं की हा तुकडा कायद्यात बसत नाही. तिच्या कुटुंबाचा दावा कुठल्या टप्प्यावर आहे, एकच तुकडा आहे की जुना-नवा असे दोन, यातलं काहीही तुझ्या पत्रात नाही. दावा पडला तर तुझ्या सिनेमामुळे पडला की आणखी कशामुळे, हे कोणाला कधी कळणारही नाही. ते वाक्य काढ. तिने विचारलं नाही तरी काढ.

तोच कॅमेरा उलट्या बाजूनेही कामाला येतो. दाव्यासाठी नियमांत जे पुरावे चालतात, त्यांत दावेदार सोडून गावातल्या दुसऱ्या वडीलधाऱ्या माणसाचा लिहून घेतलेला जबाबही धरला आहे. पाड्यावरच्या म्हाताऱ्यांशी तू बोलणारच आहेस. कोणाचं शेत कुठवर होतं, जुना रस्ता कुठून जायचा, देवाची जागा कोणती, हे ते सांगतील. ते रेकॉर्डिंग नीट तारीख टाकून पेन ड्राइव्हवर पाड्याला देऊन ये. ग्रामसभेत कोणीतरी ते ऐकून कागदावर उतरवील. सिनेमात त्यातलं एक वाक्यही आलं नाही तरी चालेल.

आता पुढची पायरी. होळीला ती माणसं वर जातातच. होळीला पावरा माणूस शेतात थांबत नाही. त्याआधीच्या आठवड्यात भोंगऱ्याचे बाजार भरतात. तेव्हा तूही जा, पण आबांच्या जीपने नको, एसटीने किंवा काळीपिवळीने जा. पहिल्या दिवशी कॅमेरा बाहेर काढू नकोस. ढोलाचे शॉट्स सगळ्यांकडे आहेत, तुझ्याकडे नसले तर बिघडत नाही. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी तिला एकटीला, तिच्या घरात, तिच्याबद्दलचा भाग लॅपटॉपवर दाखव. पावरी बोलणारी कोणीतरी बाई सोबत असू दे, आश्रमशाळेतली शिक्षिका किंवा आशाताई, पण तुमच्या गावातली आणि तुमच्या ओळखीतली नको. तिने तिला नीट सांगावं: हे आबा बघतील, फॉरेस्टचा गार्ड बघेल, तुझ्या मुलीच्या सासरचे बघतील, आणि एकदा मोबाइलवर फिरायला लागलं की परत घेता येणार नाही. मग विचार, यातलं काय राहू द्यायचं आणि काय काढायचं. 'दाखवू का?' असं विचारलंस तर ती 'दाखव' म्हणेल. 'काय काढू?' असं विचार, म्हणजे ती विचार करायला लागेल.

आणि त्या दिवशी जे सांगेल तेही शेवटचं धरू नकोस. उचल तेव्हाही अंगावर असेल. आखाजीला हिशेब झाला, साल सुटलं, पुढचं साल तुमच्याकडे की आणखी कोणाकडे हे ठरलं, की त्यानंतर परत एकदा विचार. तेव्हाचा होकार खरा. तोवर सिनेमा लॉक करायचा नाही.

थोरल्या मुलीचा चेहरा मात्र नकोच, आईने हो म्हटलं तरी. शाळा सुटली हे आईच्या बोलण्यातून पुरेसं कळतं.

आबांचं प्रकरण वेगळं आहे आणि तू ते याच तराजूत टाकू नकोस. आबा 'नाही' म्हणू शकतात. म्हणालेच की. रुसूनही बसले. ज्याच्याजवळ रुसायची ताकद आहे त्याच्याशी भांडता येतं, आणि तुला भांडावं लागेल. त्यांचा चेहरा, त्यांचा आवाज, घरातलं बोलणं त्यांच्या परवानगीशिवाय वापरू नये, इथवर ते बरोबर आहेत. पण यावलच्या पोटातलं पाणी खाली चाललंय, ही आबांची खाजगी बाब नाही. भूजल विभागाच्या मूल्यांकनात रावेर आणि यावल हे तालुके अतिशोषित म्हणून नोंदले गेले आहेत. भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा ठरावीक निरीक्षण विहिरींची पातळी वर्षातून चार वेळा मोजते. तुमच्या शिवाराजवळची निरीक्षण विहीर कोणती, तिचे जुने आकडे काय, हे माहितीच्या अधिकारात 10 रुपयांच्या अर्जावर मागता येतं, उत्तर 30 दिवसांत द्यावं लागतं. सिनेमात आकड्यांचा भडिमार करायला नव्हे, तर तुझं तुला नीट माहीत असावं म्हणून माग.

वडिलांचा मधला मार्ग मला सगळ्यात खोटा वाटला. दुसऱ्या कोणाचं शेत घे! म्हणजे शेजारच्या पाटलांची ट्यूबवेल दाखवायची आणि आपली तिसरी झाकायची. गावात कोणाला कळणार नाही असं त्यांना वाटतं की काय? रात्रभर तो कंप्रेसर धडधडत होता तेव्हा अर्धं गाव जागं होतं. आबा शेवटपर्यंत 'नाही'च म्हणाले तर त्यांना वगळ, बोरची गाडी रस्त्यावरून दिसते तेवढी दाखव आणि तुझ्या आवाजात सांग की हे शेत आमचं आहे. त्यापेक्षा जास्त काही बोलायची गरज नाही.

पण मला वाटत नाही ते शेवटपर्यंत 'नाही' म्हणतील. त्यांचं वाक्य पुन्हा वाच. 'केयीची फिलम काढ' म्हणाले ते. माणसाला केळीचा अभिमान आहे. 2016 मध्ये जळगावच्या केळीला भौगोलिक मानांकन मिळालं, ते असल्याच माणसांच्या पिढ्यांनी कमावलं. भुसावळ-यावलचं 45 अंशांच्या पुढचं ऊन, मे-जूनच्या एका वावधानात आडवी होणारी बाग, मधेच येणारा सीएमव्ही रोग, आणि या सगळ्यांतून वाचलंच तर व्यापाऱ्याने पाडलेला भाव. इतक्या कटकटींत आबांच्या हातात असलेली एकच गोष्ट म्हणजे पाणी. म्हणून ते खाली खाली जातात. मी नाही खोदली तर बांधावरचा खोदेल आणि माझी कोरडी पडेल, हा त्यांचा हिशेब चूक नाही. गावातला प्रत्येकजण तोच बरोबर हिशेब मांडतो, आणि त्यातून पातळी घसरते.

तर आबांसमोर कॅमेरा घेऊन 'तुम्ही इतकं पाणी का उपसता?' असं विचारू नकोस. जुन्या विहिरीच्या कठड्यावर बस त्यांच्याजवळ, सकाळची पाळी बदलून झाल्यावर. कॅमेरा नसला तरी चालेल, नुसता आवाज घे. विचार, पहिली ट्यूबवेल कोणत्या साली? पाणी किती फुटांवर लागलं होतं? विहिरीत पोहायचे तेव्हा पाणी कुठल्या दगडापर्यंत असायचं? शेतकऱ्याला ही वर्षं पाठ असतात. मोठीचं लग्न झालं त्या साली, बैल विकले त्या साली, असं ते सांगत जातील आणि खोली आपोआप वाढत जाईल. मग ठिबकचं विचार. ठिबकने पाणी वाचतं हे खरंच आहे आणि जळगावने ते देशाला दाखवलं. पण वाचलेल्या पाण्याचं आबांनी काय केलं? बहुतेकांनी जे केलं तेच केलं असणार, केळीखाली आणखी दोन एकर आणले. एकराला दीड हजार झाडं धर आणि ऐन उन्हाळ्यात झाडामागे 15 ते 20 लिटर. ठिबक असूनही दिवसाला 22 ते 30 हजार लिटर होतात, एका एकराला. हे गणित आबांना तोंडपाठ आहे. त्यांनीच ते सांगितलं तर तुझ्या निवेदनाची अर्धी पानं वाचतील.

एक गोष्ट त्यांना तुझ्याकडूनच कळू दे. महाराष्ट्राच्या 2009 च्या भूजल कायद्यात 60 मीटरच्या खाली गेलेली विहीर ही 'खोल विहीर' धरली आहे, आणि अधिसूचित क्षेत्रात ती खोदायला बंदी आहे. 60 मीटर म्हणजे 200 फुटांच्या आतबाहेर. तुमची साडेसातशे. तुमचं शिवार अधिसूचित आहे का, ते तहसीलमध्ये विचारून घे आणि मगच खोलीचा आकडा सिनेमात ठेवायचा की नाही ते ठरव. त्या बाईला जमिनीचा धोका समजावून सांगायचा आणि काकांना अंधारात ठेवायचं, असं कसं चालेल?

आता तुझ्या सिनेमाविषयी. विषय दोन आहेत असं तू लिहितेस, आणि माझ्या मते गाडं तिथेच अडलंय. विषय एकच आहे. शेतात उभी राहून उत्तरेकडे बघ. सातपुड्याच्या पायथ्याशी चोपड्यापासून रावेरपर्यंत दगडगोटे आणि रेतीचा जो पट्टा पसरलाय, ज्याला भूजलवाले बझाडा म्हणतात, तिथे डोंगरातून उतरणारं पाणी गडप होतं. पावसाळ्यात सुकी किंवा मोर नदीच्या काठाने चालत गेलीस तर वर खळाळणारं पाणी खाली गोट्यांत पातळ होत गेलेलं दिसेल. ते जमिनीखालून तापीच्या गाळाच्या थरांकडे सरकतं, आणि त्याच थरांत तुमच्या तिन्ही ट्यूबवेल उतरल्या आहेत. डोंगर उघडा पडला की पाणी मुरायला थांबत नाही, लोंढा येतो, आणि लोंढ्यातला गाळ गोट्यांमधल्या फटी बुजवतो. म्हणजे ती बाई ज्या डोंगरात पोट भरत नाही म्हणून खाली येते, त्याच डोंगरावर पडलेलं पाणी ती तुमच्या केळीला सोडते. व्हॉल्व्ह फिरवणारा तिचा हात तुझ्याकडे शूट केलेला असणारच. सिनेमा तिथे आहे.

इथे जपायला हवं, कारण दिशा चुकली तर सिनेमा भलतीकडे जाईल. 'वर आदिवासींनी जंगल तोडलं म्हणून खाली पाणी आटलं', असं म्हणणारे तुझ्या गावात पायलीला पन्नास मिळतील आणि ते तुझ्या सिनेमाला टाळ्या वाजवतील. लाकूड कोणाच्या ट्रकमधून कुठे गेलं, हे त्यातल्या कोणी विचारलेलं नसतं. आणि उपसा होतो खाली, वर नाही. ही वजाबाकी-बेरीज संकलनात तुझ्याच हातात आहे: डोंगराच्या उघड्या कड्याच्या शॉटला लागून ट्यूबवेलचा शॉट लावलास की त्याचा एक अर्थ होतो, ट्यूबवेलला लागून केळीचा ट्रक लावलास की दुसरा. एडिटिंग तुझा धंदा आहे, जास्त सांगत नाही.

ड्रोनबद्दल थोडं. केळीचा वरून दिसणारा हिरवा समुद्र आणि मागे बासरी, हे एव्हाना लग्नाच्या व्हिडिओतही येतं. एक शॉट ठेव, फार तर. ड्रोन उडवायचाच तर 2021 चे ड्रोन नियम आणि नकाशातले लाल-पिवळे पट्टे बघून घे, आणि यावल अभयारण्याच्या हद्दीत वनविभागाच्या लेखी परवानगीशिवाय कुठलाच कॅमेरा नेऊ नकोस. त्यापेक्षा आवाजावर मेहनत घे. बोरच्या गाडीचा आवाज तर आहेच. आधी कोरडी धूळ उडते तेव्हाचा, मग ओला चिखल यायला लागतो तेव्हाचा, दोन्ही वेगळे असतात आणि बघणाऱ्यांपैकी ज्याने कधी ट्यूबवेल खोदली आहे त्याचा जीव तिथे वरखाली होईल. गाडीवरची पोरं बहुधा तमिळनाडूतली असतील. तिरुचेंगोडच्या गाड्या देशभर फिरतात. रात्री ती पोरं काय खातात, कुठे झोपतात, हे तू शूट केलंयस का? नसेल तर पुढच्या वेळी कर. तीही दुसऱ्याच्या पाण्यासाठी घर सोडून आलेली माणसं आहेत.

आणि वही. आबांची ती लाल कापडी पाठीची वही, जिच्यात सालदाराचं पान असतं. मी तुमच्या घरातली पाहिलेली नाही, पण अशी वही मला माहीत आहे: तांदूळ, दवाखाना, रोख, भोंगऱ्याला रोख, चप्पल. पुढे आकडा, कधी अंगठा. चाळीसगावात छायाचित्रकार केकी मूस टेबलावर मांडलेल्या वस्तूंमधून अख्खी दृश्यं उभी करायचे; तुला तर एक पान, एक खिडकी आणि आबांचा अक्षर लिहिणारा हात पुरेल. तुझा पुण्याचा मित्र सात जन्म आला तरी त्याला ती वही कोणी दाखवणार नाही. मालकाच्या पुतणीने हा सिनेमा करावा का, याचं माझं उत्तर तेच. तुलाच करता येईल, पण आपण कोण आहोत हे न लपवता. कॅमेऱ्यामागून तिला प्रश्न विचारताना तुझा आवाज येतो तो कापू नकोस, ती तुला काय हाक मारते तेही कापू नकोस.

मात्र वही उघडशील तेव्हा एक बघ. उचल फिटेपर्यंत दुसरीकडे कामाला जायचं नाही, अशी अट तोंडी का होईना घातलेली असेल, तर ते 1976 च्या वेठबिगार निर्मूलन कायद्यात येतं. तसं असलं तर आधी घरात बोल, ती अट काढायला लाव, सिनेमाचं नंतर. नसेल तर उत्तमच.

शेवट कसा करायचा हे तू विचारलेलं नाहीस, पण तुला लवकरच कोणीतरी सांगेल की शेवट आशादायी हवा. शाळेची मुलं रोपं लावताहेत, बंधाऱ्यात पाणी साठलंय, बाई हसतेय. तसलं काही करू नकोस. बारीपाड्यात चैत्राम पवारांनी गावाला घेऊन जंगल राखलं, 2025 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. ती स्वतंत्र गोष्ट आहे, साक्री तालुक्यातली, वेगळ्या मातीची. तुझ्या दुखऱ्या गोष्टीला मलम म्हणून शेवटच्या तीन मिनिटांत ती चिकटवलीस तर दोन्हींचा अपमान होईल. त्यापेक्षा आबांना घेऊन एक दिवस धुळ्याकडे पांझरा नदीकाठी जाऊन ये. तिथली फड पद्धत काही शतकं जुनी. नदीवर बंधारा, पाट, आणि खालच्या जमिनीचे फड पाडलेले. एका फडात सगळ्यांनी एकच पीक घ्यायचं, ऊस तर ऊस, भुसार तर भुसार, आणि पाणी पाटकरी सोडेल तसं. स्वतःच्या शेताचं पाणी स्वतः वळवायचं नाही. पाणी कमी असलं तर कोणता फड भिजवायचा आणि कोणता कोरडा ठेवायचा, हे सगळे मिळून ठरवत. आता बरेच फड मोडकळीला आलेत, हेही बघायला मिळेल. आबा तिथल्या म्हाताऱ्या पाटकऱ्याशी काय बोलतात ते ऐक. ते वाद घालतील अशी माझी अटकळ आहे. हसतील, 'हे आमच्याकडे चालणार नाही' म्हणतील, का चालणार नाही ते सांगतील. ते सांगणं तुला हवंय.

पहिला खेळ दोन ठिकाणी कर, एकाच दिवशी नको. पाड्यावर आधी, गावच्या मढीत नंतर. दोन्हीकडची माणसं पहिल्या वेळी एकत्र बसवलीस तर पाड्यावरचे गप्प बसतील आणि गावातले भाषण करतील. थिएटरात लावायचा किंवा तिकीट ठेवायचं तर सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागेल, ते पुढचं पुढे.

राहिले पैसे. बोलण्याचे देऊ नकोस, बुडालेल्या दिवसाचे दे. ती तुझ्यासमोर बसली तेवढ्या दिवसांचा रोज गावात चालू असलेल्या दराने मोज, मागच्या दोन उन्हाळ्यांचाही धर, आणि सिनेमाला पुढे बक्षीस किंवा विक्रीतून काही मिळालं तर त्यातला वाटा किती हे आत्ताच तिला सांगून ठेव. पण पैसे तिच्या हातात दे, होळीला, पाड्यावर. आबांच्या हातून किंवा तुझ्या वडिलांच्या हातून देऊ नकोस, नाहीतर ते वहीत उचलीपोटी जमा होतील आणि तिला कळणारसुद्धा नाही.